खंडाचा रविवार

"वाचायचं काय त्यात, मॅडम? सही करा आणि मोकळ्या व्हा," आमचे मुख्याध्यापक देवरे सर म्हणाले आणि पेनाचं टोपण काढून त्यांनी पेन माझ्या हातात दिलं.

मी मात्र वाचत होते. न वाचता सही करायची नाही ही मला वडिलांनी लावलेली सवय. वाचूनही नको तिथं सही करू नये, हे मात्र त्यांनी शिकवलं नव्हतं.

"सर, हे काय लिहिलंय? 'सदर रविवारी निवासी विद्यार्थ्यांचा स्वयंपाक मी स्वतः केलेला आहे.' मी?"

"मग कोणी? अधीक्षिका कोण आहे? जेवणाची व्यवस्था तुमच्याकडेच ना?"

"व्यवस्था माझी. पण इथं स्वयंपाक लिहिलंय."

"एकच ते."

"तुम्ही माझ्या हातचा चहा प्यायलाय, सर. एकच ते?"

सर एरवी हसले असते. त्या दिवशी नाही हसले. "प्रकल्प कार्यालयातून आलंय तसं आलंय. साहेबांनी स्वतः बघितलंय. सोमवारी नाशिकला औद्योगिक न्यायालयात तुमची साक्ष. विचारलं की 'हो, असंच आहे' म्हणायचं. पाच मिनिटांचं काम."

सतरा वर्षं झाली याला. साजरपाड्याच्या आश्रमशाळेत मी तेव्हा मुलींची अधीक्षिका होते. धान्याच्या कोठीची किल्ली, स्वयंपाकघराची देखरेख आणि पोरींच्या डोक्यातल्या उवा, ही तिन्ही खाती माझ्याकडे. एकशे चाळीस पोरं शाळेतच राहायची. त्यांचा स्वयंपाक करायची मंजुळाबाई भोये. हिचं नाव मंजुळा ठेवणाऱ्यानं हिला रडताना ऐकलं नसावं. ती चुलीपाशी बोलली की समोरच्या डोंगरावरचा गुराखी 'ओ' द्यायचा.

मंजुळाबाई अकरा वर्षं आमच्याकडे होती आणि अकरा वर्षं तात्पुरती होती. रोजंदारीवरच्या माणसाला सलग ठेवलं तर तो कायम होण्याचा हक्क सांगतो, म्हणून वरून हुकूम होता की एकोणनव्वद दिवसांपेक्षा लांब ऑर्डर काढायची नाही. ऑर्डर संपवायची, एक दिवस खंड द्यायचा, पुन्हा नवी ऑर्डर काढायची. कागदावर मंजुळाबाईची नोकरी वर्षातून चारदा जायची आणि चारदा लागायची. तिच्या हाताखालच्या कामाठी काशिनाथचंही तसंच.

त्या वर्षी हुकूम आला की जूनपासून आश्रमशाळांचे स्वयंपाकी ठेकेदारामार्फत घ्यायचे, जुनी रोजंदारीची माणसं कमी करायची. मंजुळाबाई गप्प बसली नाही. युनियनच्या मदतीनं काशिनाथला बरोबर घेऊन ती न्यायालयात गेली. माझी सेवा अकरा वर्षं सलग आहे, मला कायम करा, असा तिचा दावा. सरकारचं म्हणणं, सलग कुठली? मध्ये खंड आहेत. त्या दिवशी बाई कामावर नव्हती. आता सगळं येऊन ठेपलं होतं ते एवढ्याच प्रश्नावर, की खंडाच्या दिवशी ती चुलीपाशी होती की नव्हती. होती म्हणून सिद्ध झालं तर नोकरी राहील. नाहीतर जूनमध्ये ती घरी आणि ठेकेदाराचा माणूस तिच्या जागी. नवरा वारलेला, शेत डोंगरउतारावर, पिकलं तर नागली नाहीतर दगड.

हजेरीपत्रकात त्या दिवशी फुली होती. फुली मीच मारलेली.

"मॅडम," देवरे सर आवाज खाली आणून म्हणाले, "तुमचा बदलीचा अर्ज साहेबांच्या टेबलावर आहे. मालेगावला जायचंय ना? आई एकटी असते म्हणता."

आई खरंच एकटी होती. मी सही केली. वर स्वतःला सांगितलं की त्या बाईसाठी मी कशाला मरू? माझ्याशी ती दोन वर्षं धड बोलत नाही.

हे खरं होतं. दोन वर्षं आमच्यात अबोला होता. कशावरून, असं कोणी विचारलं की मी सांगायचे, "भाजीत तिखट फार घालते, मी बोलले, तिला लागलं." मंजुळाबाई विचारणाऱ्याला काहीच सांगायची नाही. ती नुसती पोळपाट आपटायची.

पण अबोला धरून आमचं भागत नव्हतं. पोरांच्या पानात पडण्याआधी अधीक्षिकेनं चव घ्यायची आणि वहीत सही करायची असा नियम. म्हणजे दिवसातून दोनदा मला तिच्यासमोर वाटी घेऊन उभं राहावं लागायचं. बोलणं मग पोरींमार्फत चालायचं. मध्ये कोणीतरी एक पोर उभी असायची, तिच्या डोक्यावरून आम्ही भांडायचो.

"सांग गं तुझ्या मॅडमला, मीठ बरं आहे का नाय."

"सांग त्यांना, मीठ बरं आहे, डाळ अजून शिजायला हवी."

"सांग, डाळ जुनी आहे. कोठीची किल्ली ज्यांच्याकडं आहे त्यांना इचार ती जुनी कशी झाली."

सही केली त्या संध्याकाळी मी वाटी घेऊन गेले, तर मंजुळाबाईनं पोरीला हाक मारली नाही. वाटीत वरण वाढलं आणि माझ्याकडे सरळ बघून म्हणाली, "सोमवारी तुमाला पण नाशिकला यायचं आहे ना? एष्टी सातला आहे. पुढची गाडी धरून कोर्ट गाठता नाय येत."

एवढंच. मी मान हलवली, चव घेतली आणि वहीत सही केली. त्या दिवशी वरण कसं होतं ते मला आठवत नाही.

सोमवारी सातच्या एसटीत एकच जागा रिकामी होती, मंजुळाबाईच्या शेजारी. देव अशा बाबतीत फार चोख असतो. मी कमरेचा पट्टा सावरत बसले. मणक्याच्या दुखण्यानं मला हा पट्टा चिकटून तेव्हा आठ-नऊ वर्षं झाली होती. मंजुळाबाईनं ठेवणीतलं लुगडं नेसलेलं होतं, पण त्यालाही धुराचा वास येतच होता.

मला राहवेना. "आज चूल कोणी पेटवली?"

"मीच. भात-वरण करून ठेवलंय. काशिनाथ वाढील."

"आज? अहो, आज तुमची तारीख आहे कोर्टात!"

"म्हणून काय? पोरां काय कोर्टाचा निकाल खातील?"

घाट उतरल्यावर तीच म्हणाली, "वकीलबाईनं तुमचा कागद वाचून दाखवला मला. तुमी स्वयंपाक केला म्हणं."

मी खिडकीबाहेर बघत राहिले.

"काय केलं होतं?" तिनं विचारलं.

"कधी?"

"त्या रविवारी. वरण केलं का आमटी?" आणि ती पदर तोंडाला लावून हसायला लागली. चांगली गदागदा हसली. मला इतका संताप आला की वाटलं, बरं झालं सही केली ते. संतापाखाली लाज होती, हे तेव्हा स्वतःशी कबूल करायची माझी तयारी नव्हती.

न्यायालयात मी पहिल्यांदाच पाय ठेवत होते. सिनेमात दिसतं तसं काही नव्हतं. जुनी लाकडी बाकं, पंख्याचा आवाज, आणि न्यायाधीश साहेबांना सर्दी झालेली. देवरे सर सरकारी वकिलांच्या मागे बसले होते. त्यांनी मला नजरेनं धीर दिला. मंजुळाबाई सगळ्यात मागच्या बाकावर अंग चोरून बसली होती. तिला अंग चोरताना मी पहिल्यांदा बघत होते.

तिच्या वकीलबाई निकुंभ म्हणून होत्या. वय सत्तावीस-अठ्ठावीस. काळा कोट खांद्यावर सैल, थोरल्या बहिणीचा घालून आल्यासारखा. ही काय मला बोलतं करणार, असं मनात आलं. पस्तीस वर्षांच्या बायकांना अशी मुलं कालची वाटतात. माझं वय तर तेव्हा सेहेचाळीस.

"बाई, रविवारी शाळा बंद असते?" निकुंभ वकीलबाईंनी सुरुवात केली.

"असते."

"तुमच्या प्रतिज्ञापत्रात आहे की खंडाचा दिवस नेहमी रविवारी यायचा. बारा आठवडे झाले की एक रविवार. बरोबर?"

"बरोबर."

"आणि रविवारी साप्ताहिक सुट्टी, म्हणून काम नव्हतं, म्हणून अर्जदार कामावर नव्हत्या."

"हो."

"रविवारी मुलं घरी जातात?"

"छे. निवासी शाळा आहे. दिवाळीला आणि उन्हाळ्यात जातात."

"मग रविवारी मुलं जेवतात का?"

"जेवतात की! रविवारी तर जास्त जेवतात. दिवसभर उंडारतात ना."

मागे कोणीतरी हसलं. सरकारी वकिलांनी डोळे मिटून घेतले. मला तेव्हा कळलं की ज्यानं तो कागद तयार केला त्याला रविवारी ऑफिस बंद एवढंच ठाऊक होतं. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्याला चुलीला सुट्टी नसते हे कुठून सुचणार? नंतर कोणाच्या तरी ध्यानात आलं असावं, म्हणून मग ते माझ्या स्वयंपाकाचं वाक्य खाली जोडलेलं.

"म्हणजे त्या रविवारी स्वयंपाक तुम्ही केलात."

"प्रतिज्ञापत्रात तसं आहे."

"एकशे चाळीस मुलांचा. तांदूळ किती लागतो?"

"एका वेळेला चौदा किलो," मी ताडकन सांगितलं. कोठीची वही माझ्याकडेच होती.

"छान. एवढ्या भाताचं भगोनं चुलीवरून खाली कसं उतरवतात?"

"दोन्ही कड्यांतून बांबू घालायचा. एका बाजूला एकानं धरायचं, दुसऱ्या बाजूला दुसऱ्यानं. हळूच उचलून खाली घ्यायचं."

"एक टोक तुम्ही धरलंत. दुसरं टोक कोणी धरलं?"

मी एकेक नाव मनात घेऊन बघितलं.

काशिनाथ म्हणावं तर काशिनाथलाही त्याच रविवारी खंड. पोरी म्हणावं तर पोरींना चुलीजवळ फिरकू द्यायचं नाही असं सरकारचंच परिपत्रक, उद्या मीच आत जायची. देवरे सर म्हणावं तर सर शनिवारी दुपारच्या गाडीनं तालुक्याच्या गावी जायचे ते सोमवारी सकाळी उगवायचे, हे अख्ख्या साजरपाड्याला ठाऊक.

"सांगा ना बाई. आणि हा पट्टा कधीपासून आहे कमरेला?"

"आठ... आठ-नऊ वर्षं झाली."

न्यायाधीश साहेबांनी नाक पुसायचा रुमाल खाली घेतला आणि पहिल्यांदा माझ्याकडे नीट बघितलं. देवरे सर खाकरले. त्या खाकरण्यात मालेगाव होतं, आई होती, साहेबांचं टेबल होतं. 'आठवत नाही' म्हणाले असते तरी सुटका होती. सरकारी नोकरीत 'आठवत नाही' हे फार उपयोगाचं उत्तर आहे.

मी मागच्या बाकाकडे बघितलं. वाटलं होतं, ती हात जोडून माझ्याकडे बघत असेल, नाहीतर एसटीतल्यासारखी हसत तरी असेल. मंजुळाबाईचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. तिला आकडे वाचता येत नव्हते, पण घड्याळाचे काटे कळायचे. भिंतीवरच्या घड्याळाकडे तोंड वर करून ती बघत होती आणि ओठ हलवत होती. हे ओठ हलवणं मला चांगलं माहीत होतं. ती हिशेब करत होती, दुपारची गाडी मिळाली नाही तर संध्याकाळी पोरांना भात कोण टाकणार. आज हरली तर जूनमध्ये जिची चूल सुटणार, ती बाई आजच्या संध्याकाळच्या भाताची काळजी करत बसली होती.

मी कठड्याला घट्ट धरलं.

"साहेब," मी म्हणाले, "दुसरं टोक सोडा. पहिलंही मी धरलं नव्हतं."

"म्हणजे?"

"स्वयंपाक मी केला नाही. मला चौदा किलोचा काय, चार माणसांचा भात धड जमत नाही. मंजुळाबाईंनी केला. खंडाच्या प्रत्येक रविवारी त्यांनीच केला, आणि दुसऱ्या बाजूला काशिनाथ असायचा. हजेरीवर फुली मारायचे मी, आणि निरोप पाठवून बोलावून घ्यायचे तेही मीच."

न्यायाधीश साहेब सावकाश म्हणाले, "बाई, तुम्ही शपथेवर वेगळं लिहून दिलंय. याचे परिणाम काय होतात, कल्पना आहे?"

"आहे साहेब. शपथेवर लिहिलं होतं, शपथेवरच खोडते."

सरकारी वकील उठले. साक्षीदार फितूर झाला आहे, आम्हाला उलटतपास घेऊ द्या, असं त्यांनी म्हटलं. परवानगी मिळाल्यावर ते माझ्या जवळ आले. "या बाईंशी तुमची जवळीक दिसते. मैत्रिणीला वाचवताय?"

"मैत्रीण? अहो, आमचं दोन वर्षं बोलणं नाही. शाळेत कोणालाही विचारा. तुमच्या मागे बसलेत त्या सरांना विचारा."

आता मात्र सगळेच हसले. वकील चिडले. "ठीक आहे. अकरा वर्षांतला प्रत्येक रविवार तुम्हाला आठवतो?"

"प्रत्येक नाही आठवत. एक आठवतो."

"कुठला?"

त्यांनी हे विचारायला नको होतं. आणि विचारलं नसतं तर मी कदाचित जन्मात कोणाला सांगितलं नसतं.

"दोन वर्षांपूर्वी, माघातला," मी म्हणाले. "त्या रविवारी मंजुळाबाईंच्या मुलीचा साखरपुडा होता. त्या आठ दिवस आधी मला म्हणाल्या, 'बाई, बरं झालं, त्या दिवशी माझा खंड आहे. ऑर्डर नाय तर काम नाय. मला रजा मागायला नको.' मी 'हो' म्हणाले. आणि रविवारी सकाळी पोरं ताटं वाजवायला लागली. दुसरी सोय मी केलीच नव्हती. तोवर कधी करावी लागली नव्हती ना. मी पाड्यावर निरोप पाठवला. नुसता निरोप नाही, उद्याची नवी ऑर्डर अजून सहीला जायची आहे, असंही सांगून पाठवलं."

आता थांबता येत नव्हतं.

"पाहुणे ओटीवर बसले होते. त्या तशाच उठून आल्या. नवं लुगडं तसंच अंगावर. भात केला, पोरांना वाढलं, परत गेल्या तोवर पाहुणे उठले होते. मुलीचा साखरपुडा आईशिवाय झाला. ज्या दिवशी कागदावर त्या आमच्या कोणीच नव्हत्या, त्या दिवशी. तेव्हापासून त्या माझ्याशी बोलत नाहीत. मी लोकांना सांगते, तिखटावरून भांडण झालं म्हणून."

सरकारी वकील जागेवर जायला निघाले. मग जाता जाता त्यांना एक शेवटचा खडा टाकायची बुद्धी झाली. "खंड रविवारी द्यायचा, हे कोणाच्या हुकमानं?"

"हुकूम नाही, साहेब. मी सुचवलं होतं, अगदी पहिल्या वर्षी. रविवारी दिला म्हणजे शाळेचं अडत नाही, कागदही स्वच्छ राहतो, असं देवरे सरांच्या आधीच्या मुख्याध्यापकांना म्हटलं होतं. त्यांनी माझी पाठ थोपटली होती."

मी बाहेर आले. देवरे सर माझ्या अंगावरून पुढे गेले आणि पायरीवर थांबून म्हणाले, "हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, मॅडम. मालेगाव विसरा आता." त्यांच्या आवाजात राग कमी आणि आश्चर्य जास्त होतं. वाईट माणूस नव्हते ते. त्यांनाही वर कोणीतरी होतंच.

मंजुळाबाई मागून आली. वकीलबाई तिच्या पाठीवर हात ठेवून काही समजावत होत्या, आता निकाल चांगला लागेल वगैरे. तिनं ते ऐकून घेतलं आणि मग माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"रविवारचं डोकं तुमचं होतं?"

"माझं."

"मला वाटायचं त्या आधीच्या सरांचं. अकरा वर्षं मी त्यांना शिव्या घातल्या. मेलेल्या माणसाला."

"आता मला घाला."

ती विचार करत राहिली. खरंच विचार करत होती, माझ्यावर उपकार म्हणून नाही. "बाई, मग तर अबोला पुन्हा नव्यानं धरला पायजे. दोन वर्षं ती फक्त साखरपुड्याची झाली."

"धरा."

"धरीन. पण शाळेत गेल्यावर. एष्टीत तीन तास गप बसून माझं डोकं दुखतं." तिनं पिशवीतून नागलीच्या भाकरीचं गाठोडं काढलं आणि अर्धी भाकरी माझ्या हातावर ठेवली. "खा. सकाळपासून तोंडात काय नाय तुमच्या. आणि पाय उचला, दुपारची गाडी मिळाली तर भात वेळेवर होईल."

आम्ही दोघी नाशिकच्या स्टँडापर्यंत भाकरी खात अक्षरशः पळालो. पट्ट्यासकट. गाडी मिळाली.

निकाल लागायला चौदा महिने गेले. न्यायालयानं म्हटलं, खंड नावापुरते होते, सेवा सलग आहे, बाईंना आणि काशिनाथला कायम करा. माझ्याबद्दलही चार ओळी होत्या, त्या गोड नव्हत्या. मग सरकार वरच्या न्यायालयात गेलं, तिथं दीड वर्ष मोडलं, पण तिथंही तेच ठरलं. माझ्या साक्षीनंतर, तोवर तिला काढायचं नाही असा मनाई हुकूम निघाला होता, त्यामुळे ठेकेदाराचा माणूस आमच्या चुलीपर्यंत कधी पोचलाच नाही. मला कारणे दाखवा नोटीस आली. मी कारण दाखवलं. एक वेतनवाढ थांबली आणि मालेगावची बदली जी अडकली ती निवृत्तीपर्यंत. शेवटी आईलाच मी साजरपाड्याला आणलं. मंजुळाबाईच्या हातचं वरण खाऊन ती आणखी सहा वर्षं जगली आणि रोज तिखटाबद्दल कुरकुरली. अबोला म्हणाल तर त्या दिवशी शाळेच्या फाटकापाशी उतरल्यावर मंजुळाबाईनं तो रीतसर धरला आणि चौथ्या दिवशी, डाळीत किडे निघाले तेव्हा, माझ्यावर ओरडण्याच्या भरात ती विसरली.

कायमची ऑर्डर आली त्यानंतर महिनाभरानं ती दुपारी माझ्या खोलीत आली. हात पुसत दारात उभी राहिली.

"बाई, काशिनाथ म्हणतो, आता आपल्याला रजा पण असते. खोटं बोलतो का?"

"खरं बोलतो. किरकोळ रजा. अर्ज करायचा, मी शिफारस करायची, सर मंजूर करतात. पगार कापला जात नाही."

"आणि परत आल्यावर? नवी ऑर्डर?"

"नाही हो. कसली ऑर्डर? परत यायचं आणि कामाला लागायचं."

"मग एक दिवस लिवा."

मी कागद घेतला. "कारण काय लिहू? मुलीकडे जायचंय?"

"नाय."

"तब्येत बरी नाही?"

"धडधाकट आहे."

"मग?"

ती थोडी लाजली. मंजुळाबाईला लाजताना बघणारी मी साजरपाड्यातली एकटीच असेन. "काय नाय. घरी बसायचंय. नातू आलाय. त्याच्या आईनं केलेलं आयतं जेवायचं."

"असं अर्जात लिहीत नाहीत. 'घरगुती कारणास्तव' लिहितात."

"तेच लिवा मग. खरंच घरगुती आहे."

तिनं अंगठा उठवला आणि अर्जाकडे कितीतरी वेळ बघत राहिली. मग ती भाजी चिरायला गेली.

त्या दिवशी स्वयंपाक माझ्या देखरेखीखाली झाला, म्हणजे काय झालं असेल ते सांगायला नको. काशिनाथ आणि नवा कामाठी सांगत होते, आता जाळ ओढा, आता ओढा, आणि मी म्हणत होते, थांबा, मला जास्त कळतं. भात खालून करपला. वास पार मैदानापर्यंत गेला. पोरं ताटं घेऊन बसली तरी नेहमीसारखी वाजवेनात, गप्प झाली होती. मी डाव घेऊन वाढत पुढे सरकत होते, तर चौथीतली रंजना ताटावर हात धरून माझ्याकडे बघायला लागली. तिचे डोळे भरले होते.

"मॅडम, मंजुळाबाईला काढून टाकलं?"

"नाही गं. कोण म्हणतं? रजेवर आहेत त्या."

"मग उद्या येतील?"

हा प्रश्न पोरांनी मला अकरा वर्षं विचारला होता. ऑर्डर संपत आली की कुठूनतरी त्यांना कळायचं आणि ती विचारायची. मी दर वेळी एकच म्हणायचे, "बघू."

"येणारच," मी म्हणाले. "त्यांची नोकरी आहे ती. हात काढ ताटावरचा, करपलेलं बाजूला सार आणि जेव."